३० डिसेंबर : न्यूयॉर्कचे अल स्मिथ
अमेरिकेतील न्यूयॉर्क राज्याचे नेते अल स्मिथ यांचा जन्म १८७३ मध्ये आजच्या दिवशी झाला. वडील लवकर गेल्याने शाळा सुटली. मग फुल्टन मासळीबाजारात त्यांनी नोकरी धरली. डेमोक्रॅटिक पक्षाच्या टॅमनी हॉल या बदनाम गोटाच्या पाठबळावर ते १९०४ मध्ये विधानसभेत पोहोचले. पण गोटाचे प्यादे बनून राहिले नाहीत.

२५ मार्च १९११ रोजी न्यूयॉर्कमधल्या ट्रायँगल या ब्लाऊजच्या कारखान्याला आग लागली. नवव्या मजल्यावरचे एक दार कुलूपबंद होते. १४६ कामगारांचा बळी गेला, त्यांत बहुतेक ब्लाऊज शिवणाऱ्या तरुण मुली. पक्षाचे सभागृहनेते असलेले स्मिथ चौकशी आयोगाचे उपाध्यक्ष झाले आणि स्वतः कारखान्यांतून फिरले. त्यातून आगीपासून बचाव, कामाचे तास आणि बालमजुरीविषयीचे कायदे झाले. त्यांच्या कारकिर्दीतले हेच सर्वांत मोठे काम.

१९१३ मध्ये सभापती, पुढे चार वेळा गव्हर्नर. १९२८ मध्ये अध्यक्षपदासाठी मोठ्या पक्षाची उमेदवारी मिळवणारे ते पहिले कॅथलिक ठरले. धर्मावरून त्यांच्याविरुद्ध विखारी प्रचार झाला आणि हर्बर्ट हूव्हर निवडून आले. ४ ऑक्टोबर १९४४ रोजी न्यूयॉर्कमध्ये स्मिथ यांचे निधन झाले.