आपला सोलापूर जिल्हा कागदावर कुठे सापडतो?

निवडणूक आली, यात्रा आली किंवा एखाद्या चौकाच्या नावाचा वाद निघाला की आपल्याकडे इतिहासाचे मेसेज फिरायला लागतात. त्यात एक वाक्य हमखास असतं, 'गॅझेटियरमध्ये नोंद आहे'. कुठलं गॅझेटियर, कुठल्या सालचं, कितवं पान? कुणी सांगत नाही. विचारलं तर उत्तर मिळतं, 'इंग्रजांनी लिहून ठेवलंय साहेब, खोटं कसं असेल?' बातमीदारीत हे इतक्या वेळा ऐकलंय की आज जरा सविस्तर लिहितो.

आपल्या जिल्ह्याची मुख्य गॅझेटियरं दोन. पहिलं १८८४ चं. जेम्स कॅम्पबेल या अधिकाऱ्याच्या संपादनाखाली मुंबई इलाख्याची गॅझेटियरं निघाली, त्यातला विसावा खंड सोलापूरचा. दुसरं महाराष्ट्र सरकारने १९७७ साली काढलेलं सुधारित. दोन्ही इंग्रजीत आहेत, दोन्ही इंटरनेटवर फुकट वाचता येतात. नद्या, पिकं, बाजार, रस्ते, देवळं, दुष्काळ, जाती, व्यापार, शेवटी महत्त्वाच्या गावांची माहिती, अशी साधारण रचना. १८७६ ते ७८ चा मोठा दुष्काळ पहिल्या पुस्तकासाठी ताजा होता. १८६० साली आलेली रेल्वे आणि १८७७ ची जुनी गिरणीही तेव्हा नवीच होती. पण १८९७ ची बार्शी लाइट रेल्वे त्यात सापडणार नाही. १९३० चा मार्शल लॉ आणि १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी गेलेले आपले चार हुतात्मेही नाहीत. कुठलंही पुस्तक हातात घेतलं की आधी साल बघा ते यासाठी.

आता महत्त्वाची गोष्ट. आज आपण ज्याला 'सोलापूर जिल्हा' म्हणतो, तो पूर्वी असा नव्हता. १८३८ साली सोलापूरचं कलेक्टरेट झालं तेव्हा त्यात बार्शी, माढा, करमाळ्याबरोबर इंडी आणि मुद्देबिहाळही होतं, जे आज कर्नाटकात आहे. १८६४ साली ते मोडलं. पुन्हा जिल्हा उभा राहिला तेव्हा पंढरपूर आणि सांगोला साताऱ्याकडून आले, १८७५ ला माळशिरस आलं. मंगळवेढा सांगली संस्थानात होतं. अक्कलकोट तर स्वतःच संस्थान. ही दोन्ही स्वातंत्र्यानंतरच्या विलीनीकरणात आपल्यात आली.

याचा उपयोग काय? समजा तुम्ही पंढरपूरचे आहात आणि पणजोबांच्या काळातला जमिनीचा कागद शोधताय. सोलापुरात काही मिळेना, म्हणजे कागदच नाही असं नसतं. त्या काळात गाव साताऱ्याखाली असेल तर साताऱ्याकडे विचारावं लागतं. मंगळवेढेकरांनी सांगलीकडे बघायचं. आधी नकाशा, मग कागद, हा क्रम ठेवला तर हेलपाटे वाचतात.

नकाशांचं म्हणाल तर तीन पातळ्या धरा. सगळ्यात वर श्वार्ट्झबर्ग यांचा दक्षिण आशियाचा ऐतिहासिक अ‍ॅटलास, १९७८ चा. शिकागो विद्यापीठाने तो इंटरनेटवर खुला ठेवलाय. मुघल काळासाठी इरफान हबीब यांचा १९८२ चा अ‍ॅटलास आहे. यात राजवटी, मार्ग, मोठी ठाणी दिसतात, तुमची वाडी दिसणार नाही. मधली पातळी सर्व्हे ऑफ इंडियाच्या टोपोशीटची. त्यात गाव, ओढा, विहीर, देऊळ, पायवाट सगळं असतं. उजनी धरण १९८० ला पूर्ण झालं आणि करमाळा तालुक्यातली भीमाकाठची कित्येक गावं पाण्याखाली गेली. धरणाआधीच्या शीटवर ती गावं जागच्या जागी आहेत. पुनर्वसनात वाढलेल्या पोराला 'आपलं गाव इथं होतं' म्हणून बोट ठेवून दाखवता येईल, अशा फार थोड्या जागा उरल्यात. ही शीट त्यातली एक.

सगळ्यात खाली भूमी अभिलेखचा गाव नकाशा आणि टिपण. शेजारच्या इंदापूर तालुक्यात १८३६ साली गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी जी मोजणीची पद्धत बसवली, तिच्यावर पुढे इलाखाभर काम झालं. आज एखादा ओढा बुजवून प्लॉट पडले, तर तो ओढा होता की नव्हता हे भाषणाने ठरत नाही, गाव नकाशाने ठरतं. पाणी घरात शिरल्यावर नकाशा काढण्यापेक्षा प्लॉट घ्यायच्या आधी काढलेला बरा.

आता इशारा. गॅझेटियर म्हणजे वेदवाक्य नव्हे. महसूल चालवणाऱ्या सरकारने स्वतःच्या सोयीसाठी ते लिहून घेतलं. माहिती देणारे बहुतेक कचेरीतले आणि गावातले वजनदार लोक. त्यामुळे जातींवर लिहिताना 'अमुक आळशी, तमुक चोरटे' असे शेरे सर्रास मारलेत. ज्यांच्यावर गुन्हेगार जमातीचा शिक्का बसला, त्यांची सुटका ३१ ऑगस्ट १९५२ ला झाली. सोलापुरात सेटलमेंट फ्री कॉलनी हे नाव अजून चालतं. तिथल्या पोरांना नोकरी मागताना पत्ता सांगायला काय वाटतं ते त्यांनाच विचारा. आणि आपण शंभरावर वर्षांपूर्वीचा शेरा 'पुरावा' म्हणून फॉरवर्ड करतो! पिकाचा भाव, पावसाची नोंद, बाजाराचा वार यासाठी हे पुस्तक सोनं आहे. माणसांच्या स्वभावासाठी नाही.

नावांचंही तसंच. सोळा गावांचं सोलापूर हे आपण शाळेपासून ऐकतो. पण जुन्या शिलालेखांत नाव येतं ते सोन्नलगे. सिद्धरामेश्वरांच्या वचनांची भाषा कन्नड, हे लक्षात घेतलं तर या नावात नवल काही नाही. कुणाचा अपमान होत नाही, उलट गावाचं वय वाढतं.

तर विनंती एवढीच. पुढच्या वेळी कुणी 'गॅझेटियरमध्ये आहे' म्हणालं की साल आणि पान विचारा, वाद निम्मा तिथेच मिटेल. ग्रामपंचायतींनी गाव नकाशा आणि गॅझेटियरमधली आपल्या गावाची पानं कार्यालयात लावावीत, खर्च झेरॉक्सपुरता. १९७७ नंतर उजनीचं पाणी आलं, ऊस आला, साखर कारखाने वाढले, कापड गिरण्यांचे भोंगे बंद झाले. ते सगळं गावोगाव लिहून ठेवायचं काम आपलंच. घरात जुना नकाशा, मोजणीचा कागद किंवा धरणात गेलेल्या गावाचा फोटो असेल तर आधी स्कॅन करा, मागे गावाचं नाव आणि साल लिहा. म्हातारी माणसं आहेत तोवर विचारून घ्या.

पुढे पाठवायचं असेल तर जरूर पाठवा.