तेराजाना

जावा बेटावरच्या तरुण पोरांना आज नाचायला काय लागतं? दांगदुत कोप्लो, म्हणजे दांगदुत या इंडोनेशियन लोकप्रिय संगीताचा चपळ प्रकार. के-पॉपचं वेड आहेच, पण लग्नाच्या मांडवापासून टिकटॉकपर्यंत ताल मात्र कोप्लोचा. 17 ऑगस्ट 2022 ला जकार्ताच्या राष्ट्रपती भवनात फारेल प्रायोगा या 12 वर्षांच्या मुलानं ‘ओजो दिबांदिंगके’ हे जावानीज गाणं म्हटलं आणि स्वातंत्र्यदिनाला आलेले मंत्री नाचायला लागले.

मला मात्र कुतूहल आहे ते दांगदुतच्या एका जुन्या गाण्याचं. दांगदुत गायक रोमा इरामा यांचं सत्तरच्या दशकातलं ‘तेराजाना’. एका बागेत ऐकलेल्या मैफलीचं त्यात वर्णन आहे: ठेका मलय, बासरी बांबूची, ढोल कातड्याचा, आणि त्या ढोलातून निघतो ‘दांगदुत’. मग पालुपद येतं, तेराजाना. पाठोपाठ गायक सांगतो की हे भारतीय गाणं आहे!

कुणी म्हणेल, ही नुसती अर्थहीन टेक आहे. मग भारताचं नाव कशाला घेतलं? माझ्या कानाला तरी हे 1959 च्या ‘अनाडी’तलं, लताबाईंचं ‘तेरा जाना’ आहे. त्याचा नायक राज कपूर तिकडच्या थिएटरांतून घराघरात पोचलेला होता. दोन शब्द जोडून एक व्हायला तेवढं पुरे.

दांगदुतचं मूळ कुठलं यावर वाद आहे. एक पक्ष सुमात्रातल्या देलीच्या ‘ओर्केस मलायू’कडे बोट दाखवतो, दुसरा हद्रमौतहून आलेल्या अरबांच्या गांबुस वाद्याकडे. दोन्ही खरं आहे, पण दोन्ही अपुरं. पन्नाशीच्या दशकात गाजलेलं ‘बोनेका दारी इंडिया’, म्हणजे ‘भारतातली बाहुली’, एल्या खदम हिनं गायलं. हिंदी सिनेगीताच्या चालीवर ते बांधणारे हुसेन बावाफी स्वतः अरब वंशाचे. म्हणजे अरब माणसानं मलय वाद्यवृंदासाठी मुंबईची चाल घेतली. माणसं कुठलीही असोत, कान मुंबईकडे लागले होते.

पुरावा ढोलातही आहे. दांगदुतचा गेंदांग तबल्यासारखा जोडीनं वाजतो. ‘दांग’ हा उघडा बोल. ‘दुत’ला तळहात दाबून खर्ज वर चढवतात, आपल्याकडे डग्ग्यावर घिस्सा घेतात तसा. पुढे शहरी सुशिक्षितांनी याच आवाजावरून नाव पाडलं, तेही हिणवायला.

रोमांनी त्यात डीप पर्पल या रॉक बँडच्या ढंगाची गिटार घातली, हे सर्वांना ठाऊक आहे. नव्वदीत पूर्व जावातल्या वादकांनी ठेका दुप्पट चपळ केला आणि त्याला कोप्लो म्हणू लागले, बहुधा तिथल्या गुंगीच्या गोळ्यांवरून. 2003 मध्ये गायिका इनुल दारातिस्ताच्या कंबर घुसळणाऱ्या नाचाला रोमांनी अश्लील ठरवलं. तोवर उशीर झाला होता. टीव्हीनं तिला बोलावण्याआधीच तिच्या चोरट्या व्हीसीडी बाजारोबाजार पोचल्या होत्या.