राक्षस जुनेच, पाकीट नवं

पटावर ड्रॅगन, चेटकिणी आणि बुटके झुंजवणारे खेळ, आणि पाकिटं फोडून जमवायची जादूची पानं, यांच्याबद्दल आपल्याकडे एक मत जवळजवळ ठरून गेलं आहे. त्या मताची कलमं तीन. एक, हा पोरखेळ आहे. शिकल्यासवरल्या माणसानं त्यात डोकं घालण्यासारखं काही नाही. दोन, तो परका आहे. राक्षस आणि दिव्यशक्तींची दुनिया खेळायच्या पानांवर आणणं ही आपली रीत नव्हे. तीन, वरून कितीही रंगीत दिसला तरी आतून तो जुगारच. पहिली दोन कलमं मुळीच टिकत नाहीत. तिसऱ्यात तथ्य आहे, पण त्याचं बोट भलत्याच वस्तूकडे आहे. हे दाखवायला सुरुवात बसवकल्याणातूनच करता येते.

पहिलं कलम घेऊ. बसवकल्याण म्हणजे चालुक्यांची कल्याणी. सहाव्या विक्रमादित्याचा मुलगा तिसरा सोमेश्वर या गादीवर असताना, इ. स. ११२९च्या सुमारास, ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ सिद्ध झाला. पाच विंशती आणि प्रत्येकीत वीस अध्याय, असे एकूण शंभर अध्याय. पहिल्या दोन विंशती राज्य मिळवण्याच्या आणि राखण्याच्या. पुढच्या दोन उपभोगाच्या आणि विनोदाच्या. शेवटची पूर्ण विंशती क्रीडेची. त्या क्रीडांत जलक्रीडा, वनक्रीडा आहेत, तशीच कोड्यांची प्रहेलिकाक्रीडा आहे, चतुरंग आहे, फाशांची पाशकक्रीडा आहे, कवड्यांची वराटिकाक्रीडा आहे. दुर्ग, कोश आणि सैन्य यांचा विचार करणाऱ्या ग्रंथातच पटावरच्या चाली आणि फाशांची दानं शास्त्राच्या शिस्तीत येतात. ‘सर्वज्ञ’ म्हणवणाऱ्या राजाला जे विषय ग्रंथात घ्यावेसे वाटले, त्यांना पोरखेळ म्हणायचं तर मग त्या ग्रंथाचं काय करायचं, हे आक्षेपकानंच सांगावं.

मात्र पुराव्याला तो देतो त्याहून जास्त बोलायला लावू नये. ‘मानसोल्लास’मुळे एवढंच सिद्ध होतं की खेळ हा विद्वत्तेचा विषय होता. सोमेश्वराच्या पटावर राक्षस होते असं त्यातून निघत नाही. चतुरंग हे सैन्याचं रूप आहे, अद्भुताचं नव्हे. दुसऱ्या कलमाला उत्तर देण्यासाठी वेगळा साक्षीदार लागेल. तो आहे गंजिफा.

इराणी वळणाचा हा पत्त्यांचा खेळ मुघलांबरोबर इथे रुळला. अबुल फझलनं ‘आइन-इ-अकबरी’त अकबराच्या दरबारी गंजिफ्याचं वर्णन दिलं आहे. त्यात बारा रंग आहेत. अश्वपती, गजपती, नरपती हे ऐहिक राजे तर आहेतच. शिवाय देवांचा सुरपती, सापांचा अहिपती आणि असुरांचा अधिपतीही आहे. या असुरांच्या रंगातल्या सर्वांत वरच्या पानावर सिंहासनावर बसलेला दाऊदपुत्र सुलेमान. सेमिटिक परंपरेतला जिनांचा राजा, त्याला संस्कृत वळणाचं नाव, आणि तो हिंदुस्थानच्या बादशहाच्या हातातल्या पानावर! अमेरिकेत ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा खेळ निघाला १९७४ साली आणि रिचर्ड गारफिल्डचा जमवायच्या पानांचा ‘मॅजिक: द गॅदरिंग’ आला १९९३ साली. कुठकुठल्या पुराणांतले जीव एका डावात आणून बसवण्याची कल्पना त्यांच्यापासून सुरू झाली असं म्हणणाऱ्यानं ही बारा रंगांची यादी एकदा वाचावी.

मराठी मुलखात हा खेळ सावंतवाडीला वाढला. तिथले चितारी आजही दशावतारी गंजिफा करतात: गोल पानं, हातानं रंगवलेली, वरून लाखेचा हात. मत्स्यापासून कल्कीपर्यंत दहा रंग, प्रत्येकात राजा, प्रधान आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंत दहा पानं, एकूण १२०. निम्म्या रंगांत दश्शी मोठी, निम्म्यांत एक्का मोठा, म्हणजे पानाचं वजन रंग पाहूनच ठरवायचं. आणि डाव कुणी उघडायचा? दिवसा खेळत असाल तर ज्याच्या हाती रामाचा राजा आहे त्यानं, रात्री असाल तर कृष्णाचा राजा ज्याच्याकडे आहे त्यानं. राम सूर्यवंशी, तर कृष्ण जन्मला मध्यरात्री. इथे पुराण हे पानावरचं नुसतं चित्र राहत नाही, नियमात शिरतं. कथा खेळात खरोखर उतरली की नाही, याची याहून नेटकी कसोटी मला माहीत नाही.

यावर एक आक्षेप येईल: दशावतार ही श्रद्धा आहे, ड्रॅगन ही करमणूक, दोन्ही एका तागडीत कसे घालता? पण खेळणाऱ्यांनी ही सोवळ्याची रेघ पाळलेली दिसत नाही. ज्या वराहाला सकाळी फूल वाहिलं त्याचीच हलकी पानं संध्याकाळी हात गेला म्हणून फेकून देताना कुणाची श्रद्धा बुडाली नाही. मराठीच्या आरंभीच्या ओळींत ज्यांची गणना होते, अशा मत्स्यावताराच्या ओळीही ‘मानसोल्लास’मध्येच सापडतात, आणि त्या गाण्याच्या प्रकरणात. देव गाण्यात येतो, तसा खेळात येतो.

इथे उलट बाजूच्या उत्साहालाही आवर घातला पाहिजे. “म्हणजे सगळं आपणच शोधलं” हा निष्कर्ष यातून निघत नाही. गंजिफा इराणी वाटेनं आला, हे वर आलंच आहे. सापशिडी ज्ञानेश्वरांनी निर्माण केली हे वाक्य पुष्कळांना पाठ आहे, पण हाती असलेले मोक्षपट, म्हणजे सापशिडीचे जुने पट, त्यांच्या काळानंतर कित्येक शतकांनी केलेले आहेत. शिवाय गंजिफ्यातला नृसिंह काही हिरण्यकशिपूला फाडत नाही. तो रंग दाखवतो, इतकंच. पानाला स्वतःची शक्ती असणं, एका पानानं दुसऱ्याचा नियम मोडणं, ही करामत गारफिल्डच्या खेळाची. तिचं श्रेय तिकडेच जाऊ द्यावं.

आता तिसरं कलम, जुगाराचं. याचा निवाडाही कल्याणीतच करता येतो, कारण सोमेश्वराच्या बापाच्या दरबारात विज्ञानेश्वरानं याज्ञवल्क्यस्मृतीवर ‘मिताक्षरा’ लिहिली. मनू राजाला द्यूत मोडूनच काढायला सांगतो. याज्ञवल्क्य तसं करत नाही. तो म्हणतो, द्यूत एका देखरेखीखाली चालू द्यावं, चोर ओळखायला त्याचा उपयोग होतो. अड्डा चालवणाऱ्या सभिकानं ठरलेला हिस्सा घ्यावा आणि राजाचा भाग द्यावा. आणि खोट्या फाशांनी खेळणाऱ्याला डागून हद्दपार करावं. म्हणजे या परंपरेत प्रश्न विचारला जातो तो पणाचा आणि फाशाच्या खरेपणाचा. पानावर चित्र कशाचं आहे, हे कुणी विचारत नाही.

ही नजर आजच्या पानांवर टाकू. दशावतारी गंजिफा बहुधा तिघांत खेळतात. १२० पानं, प्रत्येकाला ४०. नशीब आहे, पण ते वाटपात आहे. आज वाईट हात आला तर पुढच्या वाटपात चांगला येईल, आणि श्रीमंताला एकेचाळिसावं पान मिळत नाही. ‘मॅजिक’च्या सुरुवातीच्या पाकिटात १५ पानं असत: ११ साधी, ३ जरा कमी मिळणारी, १ दुर्मीळ. ते दुर्मीळ पान कोणतं, हे पाकीट फाडल्याशिवाय कळत नसे. म्हणजे नशिबाची जागा डावातून उठून दुकानाच्या गल्ल्यावर आली. ज्याच्या खिशात पैसे, त्याला जास्त वेळा दान टाकता येतं, आणि मग तो खेळायला बसतो तेव्हा निम्मा डाव होऊन गेलेला असतो. सुरुवातीच्या नियमांत तर प्रत्येकानं एक पान पणाला लावायचं आणि जिंकणाऱ्यानं ते न्यायचं अशीही सोय होती. पुढे ती बाजूला पडली. विकत घ्यायच्या बंद पेटीतला हाच प्रकार संगणकावरच्या खेळांत दिसला, तेव्हा २०१८ साली बेल्जियमनं त्याला जुगाराच्या कायद्याखाली आणलं.

जमवण्याचा छंद मात्र यात आरोपी नाही. काड्यापेट्यांचे छाप जमवून आणि गल्लीत एकमेकांचे जिंकून घेऊन आपल्या पिढ्याच्या पिढ्या वाढल्या. दोष आहे तो न पाहता विकत घ्यायला लावण्याचा.

तेव्हा पालकानं मुलाच्या हातातलं पान पाहून दचकू नये. त्यावर असुर असेल तर तो अकबराच्या पानांवरही होता. विचारायचे प्रश्न दोन: सर्वांना सारखी पानं वाटली जातात का, आणि विकत घेतलं त्यात काय आहे हे घेण्याआधी कळतं का? दोन्हींना होकार असेल तर तो खेळ, मग पटावर ड्रॅगन असो की कल्की. दुसऱ्याला नकार असेल तर ती सोडत आहे. तिच्यावर साक्षात रामाचं चित्र छापलं तरी ती सोडतच राहील, आणि देशी नावाखाली तसली पाकिटं बाजारात आली तर हाच आक्षेप तिथेही तितक्याच जोरानं घ्यावा लागेल.