उताऱ्यावरचे शब्द आणि उताऱ्याची भाषा

निपाणी भागातील शेतकरी जमिनीच्या कामासाठी आमच्याकडे येतो, तेव्हा पिशवीतून आधी उतारा काढतो. महाराष्ट्रातील सातबाराशी नाते सांगणारा हा कागद. मात्र तो संपूर्ण कन्नडमध्ये असतो. शेतकऱ्याला तो वाचता येत नाही. आम्ही मोठ्याने वाचू लागलो की त्याची मान डोलू लागते. हिस्सा, खाते, खराब, बागायत, नमुना, गुंठे हे सगळे त्याच्या रोजच्या बोलण्यातले शब्द. शब्द ओळखीचे आणि कागद परका, असा हा प्रकार आहे.

या कागदाला कर्नाटकात ‘पहणि’ म्हणतात. ‘पाहणे’ या क्रियापदापासून झालेली आपली ‘पाहणी’ ती हीच. बेळगाव-धारवाडकडचा कन्नड शेतकरी तर सरळ ‘उतार’ मागतो. हिस्सा, खराब, नमुना हे शब्द अरबी-फारसीतून आले. त्यांनी दोन्ही भाषांत घर केले, कारण दोन्ही भाषांवर एकाच दरबाराचे राज्य होते. बहमनी आणि नंतर विजापूरची आदिलशाही यांचा महसूल मराठी मुलखातून येई तसा कन्नड मुलखातूनही येई. पहिल्या इब्राहीम आदिलशहाने (1534–1558) हिशेबाचे दप्तर फारसीतून देशी भाषेत आणले, असे फरिश्ता नोंदवतो. भाषा बदलली तरी दप्तराची परिभाषा फारसीच राहिली. आज आमच्या न्यायालयात मराठी पक्षकाराचा ‘दावा’ कन्नड पक्षकाराचा ‘दावे’ होतो. ‘जामीन’ तिथे ‘जामीनु’, ‘अर्ज’ तिथे ‘अर्जि’ आणि ‘तक्रार’ तिथे ‘तकरारु’. वकील दोन्हीकडे वकीलच!

आदिलशाहीच्या कितीतरी आधीपासून ही देवघेव चालू आहे. श्रवणबेळगोळ येथे गोमटेश्वराच्या पायाशी मराठी शिलालेख आहे. गंगराजाने मूर्तीभोवती आवार बांधविले, ही त्यातील नोंद बाराव्या शतकाच्या आरंभीची. त्या आवारासाठी कोरलेला शब्द ‘सुत्ताले’ आहे. ‘सुत्त’ म्हणजे कन्नडमध्ये सभोवार. मराठीच्या अगदी आरंभीच्या लेखांपैकी एक कन्नड भूमीवर उभा आहे आणि त्यात कन्नड शब्द आहे. तरीही बहुतेक अभ्यासक तो मराठीच मानतात. आपल्या ताटातले तूप, पानाच्या डब्यातला अडकित्ता, घरातले अण्णा आणि अक्का हेही कन्नडकडून आलेले.

शब्द गावे बदलतात तेव्हा अर्थही बदलून घेतात. आम्हां वकिलांना ‘वहिवाट’ म्हणजे जमिनीचा उपभोग, ताबा, रस्त्याचा हक्क. कन्नड वृत्तपत्रांत ‘वहिवाटु’ म्हणजे बाजारातील उलाढाल. मराठी माणूस कामावर ‘रुजू’ होतो. कन्नडमध्ये ‘रुजु’ म्हणजे सही. कर्नाटकात कन्नडला प्रथम भाषेचे स्थान मिळावे म्हणून 1982 साली मोठे आंदोलन झाले, ते ‘गोकाक चळवळि’ या नावाने ओळखले जाते. चळवळ हा शब्द मराठीतून तिकडे गेलेला आहे. याचे आम्हांला हसू येते. राग येत नाही.

केवळ शब्दच नव्हे, वाक्याची बांधणीही सरहद्द ओलांडते. आमच्याकडे ‘तो जेवतो आहे’ असे क्वचितच कोणी म्हणतो. ‘जेवायला लागलाय’ म्हणतात. शेजारचा कन्नड माणूस ‘ऊटा माडाक हत्त्यान’ म्हणतो. त्यातील ‘हत्तु’ म्हणजे लागणे. कोणी कोणाचे घेतले, हे ठरवण्याचा दिवाणी दावा आम्ही तरी चालवणार नाही.

सीमेपलीकडील आमच्या बांधवांना आमची ही मराठी ऐकून कधी हसू येते, कधी कीव येते. आमच्यातीलही काहींना वाटते की कन्नडचा वास येणारे शब्द वेचून काढावेत. शब्दशुद्धीचा थोर प्रयोग आपल्याकडे झालेला आहे. 1674 च्या राज्याभिषेकानंतर शिवछत्रपतींच्या आज्ञेने रघुनाथपंडितांनी राज्यव्यवहारकोश सिद्ध केला. ‘सुरनीस’ जाऊन ‘सचिव’ आला, आणि तो आजही मंत्रालयात बसलेला आहे. ‘पेशवा’ जाऊन ‘मुख्य प्रधान’ आला; पुढील शतकात मात्र मराठी सत्ता ‘पेशवाई’ म्हणूनच ओळखली गेली. या प्रयोगाचे मोल आम्हांला शब्दांच्या यादीपेक्षा निराळ्या गोष्टीत दिसते. राज्याचा कारभार ज्यांच्यासाठी आहे त्यांच्या भाषेत चालावा, हा त्यामागील आग्रह होता.

तो आग्रह आपण इतरांच्या बाबतीत नेहमी पाळला, असे मात्र नाही. 1818 नंतर मुंबई इलाख्यात बेळगाव-धारवाडच्या शाळांत आणि कचेऱ्यांत मराठीचा वरचष्मा होता. कन्नड घरांतील मुले मराठीतून शिकत. डेप्युटी चन्नबसप्पांना कन्नड शाळांसाठी झटावे लागले. त्यांचे गाऱ्हाणे मराठी शब्दांविरुद्ध नव्हते. मुलाची शाळा आणि रयतेचा कागद आपल्या भाषेत नाही, हे त्यांचे दुःख होते. 1 नोव्हेंबर 1956 ला बेळगाव, खानापूर, निपाणी म्हैसूर राज्यात गेली, 1963 साली राजभाषा कायदा झाला, आणि तेच दुःख आमच्या वाट्याला आले. ‘अक्का’ म्हटल्याने आमची मराठी एक तसूही कमी झाली नाही. ती कमी होते ती शाळेचा वर्ग बंद पडतो तेव्हा, आणि स्वतःच्या जमिनीचा कागद दुसऱ्याकडून वाचून घ्यावा लागतो तेव्हा.

संविधानाचे अनुच्छेद 350 सांगते की गाऱ्हाण्याचे निवेदन संघराज्यात किंवा राज्यात वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत कोणत्याही अधिकाऱ्याला देता येते. उत्तर त्याच भाषेत द्यावे, असे मात्र त्यात म्हटलेले नाही. म्हणून आम्ही पक्षकारांना सांगतो की अर्ज मराठीतच लिहा, अनुच्छेदाचा आकडा वरच घाला आणि पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. उताऱ्याची मराठी प्रत मागणारा असा एक अर्ज गेल्या खेपेस तिसऱ्या चकरेत स्वीकारला गेला. पोच कन्नडमध्ये मिळाली. शेतकऱ्याने ती उताऱ्यासोबत त्याच पिशवीत ठेवली आहे.