ईव्हीएमची 'ती' डबी

निवडणूक आली की मारुती मंदिरच्या नाक्यावर चहाबरोबर एक गोष्ट हमखास येते. कुणाकडे तरी एक डबी आहे म्हणे, बटण दाबलं की इकडची मतं तिकडे. डबी स्वतः पाहिलेला माणूस मात्र मला अजून भेटायचाय.

७ मे २०२४. आपण रत्नागिरी-सिंधुदुर्गसाठी रांगेत उभे होतो, त्याच दिवशी छत्रपती संभाजीनगरला एक लष्करी जवान पकडला गेला. चिप लावून ईव्हीएम फिरवून देतो म्हणून त्याने अंबादास दानवेंकडे अडीच कोटी मागितले होते. दानवेंनी पोलिसांना कळवलं आणि १ लाख घेताना गडी सापडला. पोलीस म्हणाले, याला मशीनमधलं काही कळत नाही, डोक्यावर कर्ज आहे.

पुढच्याच महिन्यात गोरेगाव. रवींद्र वायकर ४८ मतांनी निवडून आले आणि 'मोबाइलवर ओटीपी घेऊन ईव्हीएम उघडलं' अशी बातमी सुटली. ओटीपी लागतो तो मोजलेले आकडे संगणकात भरणाऱ्या प्रणालीला. मतदान यंत्राला ना सिम, ना वायफाय. छापणाऱ्या पेपरने नंतर चूक कबूल केली, पण नाक्यावर अजून पहिलीच बातमी चालते.

मग सगळं थोतांड? तसंही नाही हो. २०१० साली हैदराबादचे हरिप्रसाद आणि दोन परदेशी तज्ज्ञांनी खऱ्या ईव्हीएमवर दोन युक्त्या करून दाखवल्या. एक, निकाल दाखवणारा भाग बदलून तसाच दिसणारा, ब्लूटूथवाला बसवायचा. दुसरी म्हणजे खरोखरच डबी! चिमट्यासारखी मेमरीला लावायची आणि साठवलेली मतं बदलायची. पण दोन्हीसाठी मशीन हातात घेऊन उघडावं लागतं. आणि ते मशीन आलं कुठून? मुंबईतल्या सरकारी ताब्यातून. त्या चोरीच्या प्रकरणात मुंबई पोलिसांनी हरिप्रसादांनाच अटक केली. गोदामाच्या कुलपाची चर्चा त्यामानाने कमीच झाली.

तेव्हा व्हीव्हीपॅट नव्हतं. आता प्रत्येक विधानसभा क्षेत्रातल्या ५ केंद्रांच्या चिठ्ठ्या मोजतात. एवढ्या पुरेत का, यावर जरूर भांडा, मीही येतो.

पण मी पोलिंग एजंट म्हणून बसलोय, म्हणून सांगतो. रात्रभर डबीच्या गप्पा मारणारे बरेच जण मतदान संपलं की सील लागायच्या आत घरी पळतात. किती मतं पडली ते लिहिलेला १७ सी फॉर्म मागून घ्या. मोजणीच्या दिवशी यंत्राचा आकडा त्याच्याशीच ताडून बघायचा असतो.