पेटीवरून पडद्यावर

नाट्यसंगीताच्या इतिहासात गोविंदराव टेंबे ह्यांचे नाव ‘मानापमाना’च्या चालींसाठी घेतले जाते, आणि चित्रपटाच्या इतिहासात पहिल्या मराठी बोलपटाचे नायक म्हणून. हे दोन इतिहास वाचणारे वाचक बहुधा निरनिराळे असल्यामुळे, दोन्हीकडचा माणूस एकच आहे हे पुष्कळांच्या ध्यानातही येत नाही. ह्या विस्मृतीने गोविंदरावांवर थोडा अन्यायच केला आहे.

त्यांचा जन्म १८८१ साली कोल्हापूरनजीकच्या सांगवडे गावी झाला. शाहू महाराजांच्या आश्रयामुळे त्या काळी कोल्हापूर हे गवयांचे माहेरघर बनले होते. अल्लादियाखाँसाहेब दरबारी होते आणि गावात देवल क्लबासारखी गाण्याची बैठक होती. ह्या क्लबातच आपल्या कानांस वळण लागले असे गोविंदराव कृतज्ञतेने मानीत. बाजाची पेटी त्यांनी पुष्कळशी स्वतःच्या बळावर साधली. पुढे भास्करबुवा बखले ह्यांची साथ करता करता गाण्याचे मर्म त्यांच्या बोटांत उतरले. खाँसाहेबांकडे त्यांनी रीतसर तालीम घेतली नाही, तरी गुरू म्हणून मान दिला तो त्यांनाच. साथीची दासी समजली जाणारी पेटी स्वतंत्रपणे मैफलीत बसविण्याचे धाडस ज्या थोड्यांनी केले, त्यांत ते अग्रगण्य होत.

१९११ साली किर्लोस्कर मंडळीने खाडिलकरांचे ‘मानापमान’ रंगभूमीवर आणले. त्याच्या चाली गोविंदरावांच्या. १९१३ साली बालगंधर्व आणि गणपतराव बोडस ह्यांच्याबरोबर ते गंधर्व नाटक मंडळीचे एक मालक झाले. पण ही भागी दोनएक वर्षांतच सुटली. मग त्यांनी ‘शिवराज’ ही स्वतःची मंडळी काढली आणि तिच्यासाठी ‘पटवर्धन’ हे नाटक स्वतःच लिहिले. नाटक मंडळ्यांच्या हिशेबाच्या वह्या आपण येथे उघडू नयेत. त्यांतून सुख कोणासच लाभले नाही.

खरे आश्चर्य पुढेच आहे. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईस ‘आलम आरा’ झळकला, आणि कोल्हापुरात १९२९ साली स्थापन झालेल्या प्रभात कंपनीस, जी तोवर मूकपटच काढीत होती, बोलणे भाग पडले. बोलणाऱ्या चित्रास गाणारा राजा हवा होता. पन्नाशी गाठलेले गोविंदराव हरिश्चंद्र झाले, आणि संगीतही त्यांनीच दिले. शांतारामबापूंनी दिग्दर्शित केलेला ‘अयोध्येचा राजा’ ६ फेब्रुवारी १९३२ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात लागला.

गवयाच्या दृष्टीने हे स्थित्यंतर केवढे, ह्याचा विचार करावा. रंगभूमीवर पद रंगले म्हणजे ‘वन्स मोअर’ येई; गायक श्रोत्यांच्या माना पाहून तान लांबवी आणि नाटक उत्तररात्रीपर्यंत चाले. येथे समोर श्रोता नाही. आहे तो कॅमेरा. पार्श्वगायनाची सोय अद्याप निघाली नव्हती, म्हणून नटाने अभिनय करता करताच गावयाचे आणि वाजविणाऱ्यांनी कॅमेऱ्याच्या दृष्टीआड बसून साथ करावयाची. मधे कोणी खोकला, तर सारे पुन्हा पहिल्यापासून! त्यात हजार फुटांचे रीळ जेमतेम अकरा मिनिटांत संपावयाचे. ज्या हातांनी रात्र रात्र राग फुलविला, त्यांस मिनिटे मोजून चाली बांधाव्या लागल्या.

आणखी एक पालट झाला. रंगभूमीवर त्यांनी ज्यांच्यासमोर नायक म्हणून उभे राहावे, ते बालगंधर्व स्त्रीवेषातले पुरुष होते. १९१३ साली फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्रा’तही तारामती म्हणजे साळुंके नावाचे गृहस्थ होते. आता तारामती झाल्या होत्या दुर्गाबाई खोटे, मुंबईच्या एका सुशिक्षित कुटुंबातील तरुणी. पांढरपेशा घरांत तेव्हा ह्यावर किती कुजबुज झाली असेल, हे वाचकांच्या आजीबाईच चांगले सांगू शकल्या असत्या.

हा बोलपट आजही पाहावयास मिळतो. राजाचे संवाद रंगभूमीच्या ठेक्यात बोललेले आहेत हे नाकारता येत नाही, आणि कॅमेऱ्यापुढे दुर्गाबाई त्यांच्याहून मोकळ्या वाटतात. पण राजा गाऊ लागला की ते अवघडलेपण ओसरते. मला तरी गोविंदराव गाण्यातच अधिक चांगले नट वाटतात.

पुढे त्यांनी ‘माया मच्छिंद्रा’त मच्छिंद्रनाथ रंगविले आणि १९३३ च्या ‘सिंहगडा’स चाली दिल्या. त्याच वर्षी प्रभातने कोल्हापूर सोडून पुणे गाठले. गोविंदरावांनी इतर कंपन्यांच्या काही चित्रांस संगीत दिले, आणि मग लेखणी हाती धरली. ‘माझा संगीत व्यासंग’ हे त्यांचे पुस्तक १९३९ सालचे.

त्यानंतर वर्षभरातच, मार्च १९४० मध्ये, आकाशवाणीने पेटीवर बंदी घातली. ठरीव स्वरांची ही परदेशी पेटी आमच्या श्रुती व मींड बिघडविते, असा आक्षेप होता. जिच्यामुळे ते मैफलीत, मैफलीतून नाटकात आणि नाटकातून पडद्यावर गेले, त्या वाद्यास सर्वांत मोठ्या श्रोतृसमुदायापुढे येण्याची मनाई झाली. १९५५ साली गोविंदराव वारले तेव्हाही ती कायम होती. सैल झाली ती १९७१ साली.