तळटीप : झुरळाचा टाइपरायटर

येथे उल्लेख आहे तो डेव्हिड क्रोनेनबर्ग यांच्या 'नेकेड लंच' (१९९१) या चित्रपटाचा. विल्यम बरोज यांच्या १९५९च्या याच नावाच्या कादंबरीवर तो बेतलेला असला, तरी कादंबरीची गोष्ट पडद्यावर शोधू नये. मुळात तिला सलग गोष्टच नाही. क्रोनेनबर्ग यांनी कादंबरीतले तुकडे आणि बरोज यांचे आयुष्य यांची सरमिसळ केली. नायक बिल ली पेस्ट कंट्रोलवाला. बायको जोन त्याची कीटकनाशक पावडर टोचून घेते, मग त्यालाही त्या पावडरीचा नाद लागतो आणि भ्रम सुरू होतात. त्याचा टाइपरायटर भलामोठा किडा होतो, पंखांखालच्या भोकातून बोलतो, काय लिहायचे याचे हुकूम सोडतो. हसावे की शिसारी यावी, कळत नाही.

डोक्यावर ग्लास ठेवून नेम धरण्याच्या खेळात बिल जोनला गोळी घालतो, तो प्रसंग मात्र कल्पित नव्हे. सप्टेंबर १९५१मध्ये मेक्सिको सिटीत बरोज यांच्या हातून त्यांच्या सहचारिणी जोन व्होल्मर अशाच मेल्या. त्या मृत्यूमुळेच आपण लेखक झालो, असे बरोज यांनी पुढे लिहिले. चित्रपट ते शब्दशः खरे धरतो, आणि आमच्या मते तिथेच तो जोनवर अन्याय करतो. गोळीबारानंतर बिल पळून जातो ते पडद्यावरचे टँजियरसदृश 'इंटरझोन' टोरोंटोत उभारलेले आहे. आखाती युद्धामुळे टँजियरचे चित्रीकरण रद्द झाले. बिल आपल्या डोक्याबाहेर पडतच नसल्याने सेटचा खोटेपणा पथ्यावरच पडला.